जेलाबा आणि जीन्स: मोरोक्कन पेहराव रोजच्या कपड्यांत कसा मिसळावा

मोरोक्कन कपडे आणि आजची स्ट्रीट फॅशन एकत्र आणायची म्हटले की बहुतेकांच्या डोळ्यांपुढे आधी कफ्तान उभा राहतो. पायघोळ रेशीम, गळ्यापासून खालपर्यंत उतरलेले जरीकाम, कमरेला रुंद पट्टा. तो सुंदर आहेच, पण सुरुवात तिथून केली की पहिलेच पाऊल चुकते. कफ्तान लग्नाचा, बारशाचा, सणाचा. घरातल्या समारंभात, पाहुण्यांमध्ये मिरवायचा. मोरोक्कोतली बाई कफ्तान घालून लग्नघरी निघते तेव्हा अनेकदा त्यावर जेलाबा चढवते आणि आत पोचल्यावर तो उतरवून ठेवते. म्हणजे रस्त्यावर चालायचा पोशाख कोणता, हे त्या समाजाने केव्हाच ठरवून ठेवले आहे. तो जेलाबा. त्याच्या जोडीला गंदोरा, जबादोर, सरवाल आणि पायात बल्गा. स्ट्रीट फॅशनशी सोयरीक जुळवायची तर या मंडळींशी जुळवावी, कारण ती मुळातच रस्त्यावर वावरणारी आहेत. पुढचा सगळा सल्ला याच एका गोष्टीवर उभा आहे.

आधी ओळख करून घेऊ. जेलाबा म्हणजे घोट्यापर्यंत येणारा, लांब बाह्यांचा सैल अंगरखा. मागे टोकदार हूड असतो, त्याला तिथे कोब म्हणतात. दोन्ही बाजूंना खाली कट, आणि कमरेच्या जरा खाली उघडे काप, ज्यांतून हात घालून आतल्या पँटच्या खिशापर्यंत पोचता येते. गंदोरा हलका, बिनहूडचा, बहुधा आखूड बाह्यांचा. उन्हाळ्यातला आणि घरातलाही. जबादोर म्हणजे मांडीपर्यंत किंवा गुडघ्यापर्यंत येणारा सदरा आणि त्याच कापडाची पँट. सरवाल ही बैठकीला खूप सैल आणि पोटरीशी आवळलेली पँट. सल्हाम हा बिनबाह्यांचा, हूड असलेला झगा, खांद्यांवर टाकायचा. बल्गा म्हणजे कातडी सपाता.

जेलाबाचा इतिहास थोडा माहीत असला तर तो घालताना हात मोकळे होतात. तो आधी पुरुषांचा होता. शहरी बायका घराबाहेर पडताना हाइक गुंडाळत. हाइक म्हणजे कित्येक हात लांबीचे पांढरे कापड. ते अंगाभोवती धरून ठेवण्यातच हात अडकून जायचे. १९४० च्या दशकाच्या आसपास शहरांतल्या बायकांनी हाइक सोडून पुरुषांचा जेलाबा उचलला, तो आपल्या मापाने शिवून घेतला, रंग बदलले. फेझमध्ये वाढलेल्या समाजशास्त्रज्ञ फातिमा मर्निसी यांनी आपल्या बालपणीच्या आठवणींत हा बदल घराघरांत कसा घडला ते लिहिले आहे. बाईचे हात सुटले, चाल वाढली, शाळा-कचेरी जवळ आली. आज मराकेशमध्ये जेलाबा घातलेली बाई मोपेडवर बसून भर गर्दीतून सुसाट जाते, तेव्हा तो पोशाख आपले मूळ कामच करत असतो. तेव्हा जेलाबाखाली स्नीकर्स घातले तर परंपरेला धक्का लागेल, ही भीती बाळगायचे कारण नाही. एकाची वस्तू दुसऱ्याने उचलायची आणि आपल्या चालीला जुळवून घ्यायची, ही रीत त्या कपड्याच्या घडणीतच आहे.

ही रीत डोळ्यांनी पाहायची असेल तर हसन हज्जाज यांची छायाचित्रे जरूर पाहावीत. ते १९६१ मध्ये लाराशला जन्मले आणि लहानपणीच लंडनला गेले. ‘केश एंजल्स’ या त्यांच्या छायाचित्रमालेत मराकेशच्या मेंदी काढणाऱ्या आणि इतर कामकरी बायका मोटारसायकलींवर रुबाबात बसल्या आहेत. अंगावर ठिपक्यांचे, लष्करी कॅमफ्लाज नक्षीचे, बड्या कंपन्यांच्या चिन्हांनी भरलेले जेलाबे, तोंडावर पातळ फडके, डोळ्यांवर रंगीत गॉगल, पायात बल्गा. चौकटीला पेयांचे आणि खाद्यपदार्थांचे डबे एकाशेजारी एक लावलेले. कपडे शिकायच्या दृष्टीने या चित्रांत एक गोष्ट बघण्यासारखी आहे: कापड, रंग, छपाई यांत हज्जाज हवी तेवढी मस्ती करतात, पण जेलाबाचा आकार सोडत नाहीत. खांदा तसाच, घेर तसाच, हूड तसाच. कापडाशी खेळा, बेतणीला सांभाळा. घरच्या आरशासमोर उभे राहतानाही हे सूत्र उपयोगी पडते.

बेतणी सांभाळायची म्हणजे काय, ते नीट समजून घेतले पाहिजे. जेलाबा आणि गंदोरा जवळजवळ सरळ पट्ट्यांतून कापलेले असतात. छातीला टक्स नसतात, कमर घेतलेली नसते. कापड खांद्यावरून सुटते ते न अडता खाली जाते आणि चालताना बाजूच्या कटांमधून हवा खेळते. सगळी शोभा या पडण्यात आहे. म्हणून जेलाबावर कमरेत करकचून पट्टा बांधणे, तो कापून ‘फिटिंग’ करून घेणे, किंवा खाली घट्ट लेगिंग घालून वर फुगलेला ठेवणे, यांतला एकही प्रकार मला पटत नाही. गंदोऱ्याखाली अगदी चिकटलेली जीन्स घातली तर पाय काटकुळे दिसतात; फार रुंद पँट घातली तर माणूस कापडातच हरवतो. सरळ कापाची, घोट्याजवळ थांबणारी जीन्स किंवा सुती पँट हे उत्तम. बाजूच्या कटामधून ती चालताना जेवढी दिसेल तेवढीच दिसू द्यावी.

लांबीकडे लक्ष द्या. जेलाबाची किनार बुटाच्या वर दोन-तीन बोटे थांबली पाहिजे. परंपरेने तो बल्गेवर टेकतो तेव्हा छान वाटतो, पण स्नीकर्सचा सोल जाड असतो, जिन्यावर कापड पायाखाली येते, आणि आपल्याकडच्या लोकलच्या गर्दीत तर ते दुसऱ्याच्या पायाखालीही येईल. लांबी कमी करायची असल्यास खरेदीआधीच पाहून घ्या: किनारीला आणि कटांच्या कडेने स्फीफा, म्हणजे विणलेली गोठ, फिरवलेली असेल तर खालून सरळ कापता येत नाही. ती गोठ उसवून पुन्हा बसवावी लागते आणि ते काम आपल्याकडच्या प्रत्येक शिंप्याला जमेलच असे नाही. साध्या किनारीचा जेलाबा घेतला तर ही अडचण येत नाही.

वरून काय घालावे? कमरेशी संपणारे बॉम्बर जॅकेट किंवा धुतलेल्या डेनिमचे आखूड जॅकेट गंदोऱ्यावर फार छान बसते. वरचा भाग आटोपशीर होतो आणि खालचा घेर मोकळा राहतो. जेलाबावर जॅकेट घालायचे तर कोब जॅकेटच्या बाहेर काढून पाठीवर सोडावा. जॅकेटला स्वतःचा हूड असू नये. दोन हूड एकमेकांवर आले की मानेमागे गाठोडे होते. जेलाबावर लांब कोट मात्र घालू नये, दोन्ही लांब कपडे एकमेकांचे पडणे बिघडवतात.

ज्यांना एकदम इतके मोठे पाऊल टाकायचे नाही त्यांनी जबादोरच्या सदऱ्यापासून सुरुवात करावी. कुर्ता आणि जीन्स ही जोडी मराठी अंगाला इतकी सवयीची आहे की जबादोर अंगावर परका वाटतच नाही. फरक पुढच्या भागात आहे: छातीच्या मध्यातून उतरणारी स्फीफा आणि तिला लागून एकाखाली एक बसवलेली गाठींची बारीक बटणे. ही उभी रेघ हाच सदऱ्याचा दागिना. त्यावर लांब माळ, स्टोल, छापील जॅकेट असे काही आले की ती झाकली जाते. साधा पांढरा किंवा राखी जबादोर, निळी जीन्स, पांढरे स्नीकर्स, एवढे पुरे. ईदच्या दिवशी मोरोक्कोच्या शहरांत अनेक तरुण याच थाटात, नवा जबादोर आणि नवे स्नीकर्स घालून, नातेवाइकांकडे जाताना दिसतात.

सरवालला उलटा नियम लावावा. तो खाली सैल, म्हणून वर आखूड आणि नेटके: अंगाबरोबरचा टीशर्ट, वर छोटे जॅकेट. मोरोक्कन डिझायनर अमीन बेंद्रिउइश याने जेलाबा-सरवालच्या आकारांवर बरेच काम केले आहे. स्त्री-पुरुष दोघांनाही चालतील असे त्याचे कपडे बघताना हे प्रमाणाचे भान शिकता येते.

पायातल्या बल्गेबद्दल जरा सविस्तर सांगायला हवे, कारण पर्यटक सगळ्यांत जास्त तीच घेतात आणि सगळ्यांत लवकर तीच कपाटात जाऊन पडते. फेझची पारंपरिक पुरुषी बल्गा टोकदार असते, पिवळी किंवा पांढरी, टाच आत दुमडलेली. दक्षिणेकडच्या अमाझिग (बर्बर) भागांतली बल्गा पुढून गोल, टाच वर उभी राहणारी, जास्त चालण्याजोगी. रोज वापरायची असेल तर ही दुसरी घ्यावी. कातडे वापराने सैलावते, म्हणून पहिल्या दिवशी किंचित घट्ट बसेल असे माप निवडावे. रस्त्यासाठी रबरी तळाची मागावी. पूर्ण कातडी तळ घरातल्या फरशीसाठी ठीक, पण डांबरी रस्त्यावर लवकर झिजतो आणि ओल्या फरशीवर घसरतो. मुंबई-कोकणच्या पावसात कोणतीही कातडी बल्गा बाहेर काढू नये. कमावलेल्या कातड्याचा उग्र वास सुरुवातीला येतोच. काही दिवस सावलीत, वाऱ्यावर ठेवावी. कडक उन्हात ठेवली तर कातडे कडक होऊन तडकते. एस्सावीरा या समुद्रकाठच्या गावात राफियाच्या धाग्यांची विणलेली पादत्राणे होतात. ती उन्हाळ्यात पायाला फार सुखाची वाटतात, पण पाण्याशी त्यांचेही पटत नाही.

बल्गा घालताना घोटा दिसू द्यावा. जीन्सची किनार वर दुमडली की टोकाचा आकार उठून दिसतो. पिवळी बल्गा स्वतःच इतकी बोलकी आहे की बाकी सगळे गडद निळे, काळे किंवा पांढरे ठेवले तरी माणूस सजलेला वाटतो. तिच्यासोबत शकारा घेता येईल. ही खांद्यावरून तिरकी अडकवायची कातडी पिशवी पुरुष पिढ्यान्‌पिढ्या जेलाबावर वापरत आले आहेत. आजच्या तिरक्या छोट्या बॅगेचीच ती थोरली बहीण. मोबाइल, पाकीट, चष्मा सहज मावतो.

आता कफ्तानकडे वळू. त्याला रस्त्यावर आणूच नये असे नाही, पण मान राखून आणावे. डिसेंबर २०२५ मध्ये दिल्लीत भरलेल्या युनेस्कोच्या समितीने मोरोक्कन कफ्तानची कला अमूर्त सांस्कृतिक वारशाच्या यादीत नोंदवली. त्याच बैठकीत आपल्या दिवाळीचीही नोंद झाली. कफ्तान समोरून उघडणारा असतो, त्याला हूड नसतो. तक्शिता हा त्याचा दुहेरी प्रकार: आत एक झगा, वर पुढून उघडा दुसरा, आणि दोन्हींना कमरेशी धरणारा पट्टा, म्हणजे मदम्मा. नवरी लग्नात एकामागून एक असे कितीतरी पोशाख बदलते, आणि तिला सजवणारी नेग्गाफा ते भाड्यानेही पुरवते. त्यामुळे मोरोक्कन मैत्रिणीच्या लग्नाला जायचे असेल तर महागडी तक्शिता विकत घेण्याऐवजी भाड्याची घ्या, आणि ती पूर्ण थाटात, काहीही न मिसळता घाला. तिथे प्रयोग नको.

रोजसाठी कफ्तान हवा असेल तर कमी कामाचा, सुती किंवा हलक्या लोकरीचा, गुडघ्यापर्यंतचा निवडा आणि लांब कोटासारखा उघडा घाला. आत साधा टीशर्ट आणि सरळ पँट. बटणे लावू नका, पट्टा बांधू नका. आणि पट्टाच आवडला असेल तर तो वेगळा वापरा: कापडी मदम्मा पांढऱ्या शर्टावर, खाली जीन्स, ही जोडी संध्याकाळच्या कार्यक्रमाला सुरेख दिसते. सोन्याचा मुलामा दिलेला नवरीचा पट्टा मात्र नवरीसाठीच राहू द्यावा. आपल्याकडे दुकानांत घरात घालायचे म्हणून जे कफ्तान मिळतात ते डोक्यातून घालायचे, दोरी ओढून कमर घ्यायचे असतात. शिंप्याकडे नमुना म्हणून ते नेऊ नका. त्यातून मोरोक्कन कफ्तान निघत नाही.

कापडाचा विचार हवामानाप्रमाणे केला पाहिजे. अॅटलसच्या डोंगरांत कडाक्याची थंडी पडते आणि लोकरीचे जेलाबे त्या थंडीसाठी विणले जातात. ब्झू या गावची हातमागावरची लोकर तर इतकी तलम आणि नामांकित आहे की तिचा जेलाबा बाप लेकासाठी जपून ठेवतो. असा जेलाबा पुण्यात जानेवारीतल्या एखाद-दुसऱ्या रात्री सोसेल, मुंबईत कधीच नाही. पण लंडन, टोरांटो, न्यू जर्सीत राहणाऱ्या मराठी माणसाला तो हिवाळ्याचा कोट म्हणून अगदी कामाचा आहे: आत स्वेटर, खाली जीन्स आणि घोट्यापर्यंतचे बूट, वर कोब ओढलेला. इथे राहणाऱ्यांनी सुती किंवा लिननचा गंदोरा घ्यावा. तो इथे शिवून घेणेही अवघड नाही. इचलकरंजीचे जरा जाडसर सुती कापड किंवा खादी घ्या, शिंप्याला सरळ पट्ट्यांची बेतणी समजावून द्या, बाजूचे कट गुडघ्यापर्यंत ठेवायला सांगा. स्फीफा येत नसेल तर तिची नक्कल म्हणून साडीची जरीची लेस लावू नका. त्याच रंगाच्या दोऱ्याची साधी दुहेरी टीप मारून सोडून द्या. साधेपणा शोभतो.

खरेदीसाठी मोरोक्कोला जायचा योग आला, आणि युरोपात राहणाऱ्या मराठी कुटुंबांना तो बऱ्याचदा येतो, तर बाजाराच्या तोंडाशी टांगलेले तयार कपडे पाहून लगेच पैसे काढू नका. जुन्या शहरात आत किस्सारिया असते, कापडाच्या आणि कपड्यांच्या दुकानांची छताखालची पेठ. फेझमध्ये ती मौले इद्रिसच्या समाधीजवळ आहे. कासाब्लांकात हबूस भागात जेलाब्यांची दुकाने रांगेने लागतात. मराकेशच्या सूक स्माता या बाजारात बल्गा मिळतात. स्थानिक लोक पुष्कळदा कापड एकीकडे घेतात आणि ओळखीच्या शिंप्याकडे शिवायला टाकतात. तुम्हीही तसे करू शकता, फक्त हातात काही दिवस हवेत. रमजानच्या उत्तरार्धात आणि लग्नसराईच्या उन्हाळ्यात शिंप्यांना श्वास घ्यायला फुरसत नसते. तेव्हा घाईने करून घेतलेले काम पुढे उसवते. भाव विचारताना कापड, स्फीफा आणि मजुरी यांचा दर वेगवेगळा विचारावा. पैसे कशाचे जातात ते कळले की घासाघीसही नेमकी करता येते.

हाताचे काम ओळखायला कपडा उलटा करून बघायचा. यंत्राने बसवलेल्या गोठीची टीप मागून एकसारखी, सरळ धावते. हाताच्या कामात टाके बारीक पण किंचित कमीजास्त असतात, आणि काठाला स्पर्श केला तर तो जाड, भरीव लागतो. यातला सगळ्यांत देखणा प्रकार म्हणजे बर्शमान. त्यात कसबी शिंपी, ज्याला मालेम म्हणतात, टाके घालत असतो आणि समोर काही अंतरावर उभा असलेला शिकाऊ मुलगा धाग्यांची टोके बोटांवर घेऊन सतत अदलाबदल करतो. टाक्यागणिक काठाची वीण घट्ट होत जाते. जुन्या शहरांच्या गल्ल्यांत असे ताणलेले धागे हे नेहमीचे दृश्य होते. आज शिकायला येणारी मुले कमी झाली आहेत, म्हणून बर्शमान महाग पडते आणि ते पडलेच पाहिजे. मरियम तौझानी यांचा ‘द ब्लू कफ्तान’ हा २०२२ चा चित्रपट साले शहरातल्या अशाच एका मालेमच्या दुकानात घडतो. एका कफ्तानला किती काळ आणि किती निष्ठा लागते, हे पाहून मग दुकानात जा. भाव करण्याची भाषा आपोआप बदलेल.

गाठींच्या बटणांना अकाद म्हणतात. फेझजवळच्या सेफ्रू गावात बायका ती घरी बसून सुईने एकेक करून वळतात, आणि त्यांच्या सहकारी संस्थेतून ती थेट विकलीही जातात. एका जेलाब्याला अशी बटणे डझनांनी लागतात. बाकी काही परवडले नाही तरी ही बटणे विकत घेऊन यावीत. साध्या डेनिम जॅकेटची धातूची बटणे काढून त्याजागी रंगीत अकाद बसवली, किंवा काळ्या शर्टाच्या पट्टीवर जांभळ्या अकादची ओळ लावली, तर मिसळण्याचा सगळ्यांत स्वस्त आणि सगळ्यांत नेटका प्रकार होतो.

फसवणूक टाळण्यासाठी एक गोष्ट माहीत असू द्या. ‘निवडुंगाचे रेशीम’ म्हणून साब्राचे स्टोल आणि चादरी विकल्या जातात. विक्रेता धाग्याला आग लावून दाखवतो: बघा, कागदासारखा जळला, वितळला नाही. ही परीक्षा फक्त एवढेच सांगते की तो धागा पॉलिएस्टर नाही. व्हिस्कोज रेयॉनही तसाच जळतो, आणि बाजारातला बहुतेक साब्रा व्हिस्कोजच असतो. रंग आवडला तर जरूर घ्या, पण व्हिस्कोजच्या भावाने घ्या.

उत्तरेकडच्या जबाला भागातल्या शेतकरी बायका लाल-पांढऱ्या पट्ट्यांचे जाड सुती कापड कमरेला गुंडाळतात, मेंदील. हे कापड डेनिमबरोबर जितके जमते तितके दुसरे काही जमत नाही: जीन्सवर तिरके गुंडाळून, किंवा गळ्यात स्टोलसारखे. मध्य अॅटलसमधली हंदिरा मात्र सांभाळून. टिकल्या ओवलेली ही लोकरी घोंगडी लग्नासाठी घरातल्या बायका विणतात. सध्या जुन्या हंदिरा कापून त्यांची जॅकेटे आणि बॅगा करण्याची टूम आहे. मराकेशचा आर्त्सी इफ्राश जुन्या कापडांपासून एकेकच नमुना घडवतो, तेव्हा तो त्या कापडाला जाणून घेऊन हात लावतो. पण दुकानांच्या थप्प्यांसाठी कात्री चालवणे मला अजिबात मान्य नाही. हंदिरा अखंड ठेवा आणि हिवाळ्यात खांद्यांवरून पांघरा, पुढे एक पिन लावा. ती अशीच वापरायची आहे.

ती पिन म्हणजे ताझरझित, अमाझिग बायकांची चांदीची त्रिकोणी पिन. तिझनित हे गाव या कामासाठी प्रसिद्ध. परंपरेने ती जोडीने, मध्ये साखळी घालून, दोन्ही खांद्यांवर कापड धरायला वापरतात. तिला वजन असते. पातळ टीशर्टला लावली तर भोक पडून कापड फाटते. डेनिम, लोकर, जाड सूत यांवरच लावावी. चांदी म्हणून निकेलचा मिश्रधातू गळ्यात मारला जातो आणि कातडीला खाज सुटते, तेव्हा शिक्क्याची खात्री करून घ्यावी.

उसने घेताना नाव घेणे ही किमान सभ्यता आहे. २०२२ मध्ये आदिदासने अल्जेरियाच्या फुटबॉल संघासाठी केलेल्या जर्सींवर झेलिजची, म्हणजे मोरोक्कन फरशीकामाची, नक्षी दिसली. मोरोक्कोच्या संस्कृती मंत्रालयाने वकिलामार्फत हरकत घेतली आणि कंपनीने शेवटी ती प्रेरणा कुठली ते मान्य केले. आपण कंपनी नाही, पण कोणी विचारले, ‘हे काय घातलंयस?’ तर ‘अरबी काहीतरी’ असे उत्तर देऊ नये. जेलाबा, फेझची बल्गा, अमाझिग पिन, असे नेमके सांगावे. आणि लाल गोंडेवाली टोपी, जेलाबा, बल्गा, सगळे एकाच वेळी चढवून फॅन्सी ड्रेसचे रूप आणू नये. पूर्ण पारंपरिक घालायचे तर प्रसंग तसा हवा. मिसळायचे तर एका वेळी एक, फार तर दोन मोरोक्कन वस्तू, आणि बाकी आपले रोजचे.

राहता राहिली निगा. सक्ल्ली, म्हणजे सोनेरी धाग्याचे काम, पाण्यात घालू नये. ड्रायक्लीनरला आधी दाखवून विचारावे. सुती गंदोरा घरी धुता येतो, पण पहिल्यांदा स्फीफेच्या एका कोपऱ्यावर ओले पांढरे फडके दाबून रंग सुटतो का ते पाहावे. इस्त्री उलट्या बाजूने, काठाखाली टॉवेल घालून, म्हणजे वीण चपटी होत नाही. जड कफ्तान हँगरला टांगू नये, स्वतःच्या वजनाने खांदे ओघळतात. मलमलीत गुंडाळून, घडीत मऊ कापड घालून ठेवावा आणि दर काही महिन्यांनी घडी बदलावी. लोकरीचा जेलाबा पावसाळ्याआधी ऊन दाखवून, कडुनिंबाच्या वाळल्या पाल्यासह कोरड्या पेटीत ठेवावा. प्लॅस्टिकच्या पिशवीत दमट हवा कोंडते आणि बुरशी धरते. बल्गेत रद्दी कागद भरून ठेवावेत, आकार टिकतो. आणि अकाद इथे मिळणार नाहीत, म्हणून खरेदीच्या वेळीच दुकानदाराकडून त्याच रंगाच्या चार-पाच जादा मागून घ्यावीत आणि आतल्या शिवणीला दोन टाक्यांनी अडकवून ठेवावीत.